घरात तान्हं मूल आहे का?

त्या पावसाळ्यात तालुक्यात डोळ्यांची साथ होती, आणि गोठ्यावर पहिले डोळे माझे आले.

मी आणि नवरा पारनेर तालुक्यातल्या एका दूध-गोठ्यावर कामाला आहोत. आमचं गाव यवतमाळकडचं, इथून अख्ख्या दिवसाचा प्रवास. सातवीत शाळा सुटली ती सुटलीच. इथं चाळीस गाई, दोन वेळच्या धारा, शेण, गव्हाणी, आणि गोठ्यामागं पत्र्याच्या दोन खोल्या. एकीत आम्ही, दुसरीत पाथर्डीकडचं एक जोडपं. त्यातली बाई माझ्याहून आठ-नऊ वर्षांनी लहान. मला ताई म्हणायची आणि माझ्या बोलण्याला हसायची.

"ताई, तुमी 'करून राहिली' म्हन्ता. म्हंजे काम झालं, का ऱ्हायलं?"

"तुला काय करायचं? तू शेण भर."

डोळे आले तेव्हा मला मालकीणबाईंनी धारेला हात लावू दिला नाही. पाच दिवस माझ्या वाट्याच्या गाईंच्या धारा या मुलीनं काढल्या. तेव्हा तिला सहावा महिना होता. वर तांब्यात थंड पाणी आणि धुतलेलं फडकं माझ्या दारात ठेवून जायची. माझं माणूस नाही, नातं नाही. ते पाच दिवस मी विसरलेली नाही, म्हणून तर पुढचं लिहिताना हात जड होतो.

पारनेरला डॉक्टरबाईंकडं गेले आणि दारातूनच म्हणाले, "मॅडम, जरा जोरातलं अँटिबायोटिक द्या. कामाचा खाडा होतोय."

त्या हसल्या. डोळ्यात बॅटरी मारून बघितलं. म्हणाल्या, "दोन्ही डोळे लाल, नुसतं पाणी येतंय, सोबत सर्दी. हे विषाणूचं आहे. याला अँटिबायोटिकचा काही उपयोग नाही, आठ-दहा दिवसांत आपोआप जाईल. थंड पाण्याची पट्टी ठेवा, हात धुवा, टॉवेल वेगळा ठेवा. घट्ट पिवळा पू यायला लागला, डोळा दुखायला लागला, उजेड सोसेना किंवा अंधुक दिसायला लागलं, तर मात्र थांबायचं नाही, परत यायचं."

मी बोटांवर मोजून पाठ केलं. उठताना त्यांनी विचारलं, "घरात तान्हं मूल आहे का?"

"नाही."

"मग ठीक."

तेवढंच. पाठ केलेल्यात तो प्रश्न मी धरला नाही. तो प्रश्न होता, औषध नव्हतं.

परत आले ती शहाणी होऊन आले. दूध नेणाऱ्या टेम्पोवाल्याचे डोळे आले, त्याला सांगितलं, थेंब घालू नको. मालकांच्या पोराचे आले, त्यालाही तेच. दोघांचेही आठवड्यात बरे झाले. गोठ्यावर मला डॉक्टरीणबाई म्हणायला लागले. चेष्टेनंच म्हणायचे, पण मला बरं वाटायचं. सातवी नापास बाईला कुणी काही विचारायला येतं, हे सुख मला नवीन होतं.

अँटिबायोटिकची भीती आम्हा गोठ्यावरच्यांना आधीपासूनच असते. गाईच्या कासेत सूज आली की डॉक्टर सडातून अँटिबायोटिकची ट्यूब सोडतात, आणि मग त्या गाईच्या मागच्या पायाला आम्ही लाल चिंधी बांधतो. चिंधी असेतोवर तिचं दूध वेगळं काढायचं आणि ओतून द्यायचं. एकदा चुकून ते कॅनमध्ये गेलं तर डेअरीनं अख्खा कॅन परत पाठवला होता.

दिवाळीनंतर शेजारणीचे दिवस भरले. तिचे आईबाप ऊसतोडीला गेलेले, म्हणून बाळंतपण इथंच झालं. मुलगी झाली. तिसऱ्या दिवशी घरी आणली, त्याच दिवशी आशाताई, म्हणजे घरोघरी बाळ-बाळंतीण बघणाऱ्या सरकारी आशा सेविका, येऊन बघून गेल्या. शेजारणीच्या घरात फोन एकच, तो तिचा नवरा खिशात घालून फिरायचा, म्हणून आशाताईंच्या वहीत माझा नंबर लिहिला.

पाचव्या दिवशी बाळाच्या उजव्या डोळ्यात चिकट दिसलं. आईनं अंगावरच्या दुधाचे दोन थेंब डोळ्यात पिळले, तिच्या गावाकडं तसंच करतात. सहाव्या दिवशी दोन्ही पापण्या चिकटलेल्या. तिनं मला हाक मारली.

"ताई, डोळे आल्यात वाटतं. दवाखान्यात न्यावं का?"

मी वाकून बघितलं. चिकट पिवळं होतं. माझ्या बोटांवरच्या यादीत पिवळा पू होता. पण मनात आलं, एवढंसं बाळ, त्याला कुठलं औषध सोसणार? म्हटलं, "थांब दोन दिवस. कोमट पाण्यानं पूस. हे आपोआप जातं, माझे गेले ना?"

तिनं खाली बघत विचारलं, "आन् त्यांनी मला औषद दिलं तर पोरीला पाजायचं बंद करावं लागंल का?"

"लागेलच. गाईचं नाही का करत आपण?"

तिनं पोरीला जवळ ओढलं. मग म्हणाली, "मंग नको. थांबू."

सातव्या दिवशी संध्याकाळी धारेच्या वेळी माझा फोन वाजला. मशीन चालू होतं, दोन गाई लाथा मारत होत्या. आशाताईंची कसली तरी मीटिंग होती, म्हणून येता येत नव्हतं. त्यांनी फोनवर एकेक विचारलं. बाळ अंगावर पितं का? पितं. ताप? नाही. नाळ कोरडी आहे? आहे. डोळ्यांतून घाण येते का?

मी म्हटलं, "डोळे ठीक आहेत."

हे मी का म्हटलं, याची कारणं मी स्वतःला पुष्कळ देऊन बघितली. मशीनचा आवाज होता. बाळाला घातलेल्या काजळावरून आशाताई ओरडतील असं वाटलं. खरं कारण एवढंच, की मी एक गोष्ट सांगून बसले होते आणि ती खोटी पडायला नको होती.

आठव्या दिवशी सकाळी बाळाच्या पापण्या खारकेसारख्या सुजल्या होत्या. आईनं बोटानं जरा उघडल्या तर आतून पू भळकन गालावर आला. आम्ही दुधाच्या टेम्पोत बसलो. पारनेरला डॉक्टरबाईंनी बघितल्या-बघितल्या चिठ्ठी लिहून दिली, तिथून सरळ नगर, सरकारी दवाखाना. वाटेत ती एकदाच बोलली, "हिला दिसंल ना, ताई?" मी "हो" म्हटलं. तेही मला ठाऊक नव्हतं.

तिथल्या डॉक्टरांनी डोळे धुवायला घेतले आणि विचारलं, "कधीपासून आहे?"

ती म्हणाली, "तीन दिस झाले."

"तीन दिवस काय करत होतात?"

मी तिच्या मागं कपड्यांची पिशवी धरून उभी होते. माझं तोंड उघडलं नाही. ती म्हणाली, "माझी चुकी, सायेब. मला कळलं न्हाई."

डॉक्टर ओरडले नाहीत, तेच जास्त लागलं. पुवाचा नमुना घेतला, सुई लावली, आणि सांगितलं, महिन्याच्या आतल्या बाळाच्या डोळ्यातून पू आला की त्याला साथ समजायचं नाही. जन्मताना लागलेला जंतू असू शकतो, तो बुबुळ खातो. इथं अँटिबायोटिक लागतंच, आणि लगेच लागतं, नुसत्या थेंबांवर भागत नाही. आई-बापालाही औषध घ्यावं लागेल.

मी सिस्टरला हळूच विचारलं, "मग हिचं दूध किती दिवस बंद ठेवायचं? गाईचं आम्ही ठेवतो तसं?"

"बंद? कुणी सांगितलं बंद ठेवायला? पाजत राहायचं. बाई आहे ती, तुमची गाय नाही."

शेजारणीनं माझ्याकडं बघितलं. रागानं नाही. नुसतं बघितलं, आणि पोरीला पदराखाली घेतलं.

दर तासाला सिस्टर येऊन डोळे धुवायच्या. तिसऱ्या दिवशी डावा डोळा आपोआप उघडला, पाचव्या दिवशी उजवा. मी त्या डॉक्टरांच्या आणि सिस्टरच्या पाया पडायची बाकी होते. मुलीला दिसतं. आता ती तीन वर्षांची आहे, कोंबडीमागं पळते, माझ्या ताटातली भाकरी ओढते. उजव्या बुबुळाच्या कडेला तांदळाच्या कणीएवढा पांढरा ठिपका आहे. डॉक्टर म्हणाले, नजरेच्या मधोमध नाही म्हणून वाचली. तिला मांडीवर घेतलं की मी आधी तोच बघते.

आणि तिची आई येईल-जाईल त्याला सांगते, "आमच्या ताई टेम्पोत घालून घेऊन गेल्या म्हनून पोरीचा डोळा ऱ्हायला." तीन वर्षं मी हे ऐकत आले. नाही म्हणाले नाही.

गेल्या महिन्यात गोठ्यावर नवीन जोडपं आलं. बाळ वीस दिवसांचं, एका डोळ्यात सारखं पाणी आणि जरा चिकट. शेजारीण त्या बाईला माझ्याकडंच घेऊन आली. "यान्ला दाखव. यान्ला डोळ्यातलं लई कळतं."

मी बाळाकडं बघितलंही नाही. म्हटलं, "मला काही कळत नाही. टेम्पो निघतोय, बस त्यात. आत्ताच."

ती बाई गेली. संध्याकाळी परत आली तेव्हा कळलं, त्या बाळाची डोळ्यातून नाकाकडं जाणारी बारीक नळी तुंबली होती. डॉक्टरांनी औषध दिलंच नाही, नाकाच्या कडेला बोटानं कसं चोळायचं ते दाखवलं. पण बाळाला बघून मगच औषध नको म्हणाले ते.

पण त्याआधी, टेम्पो गेल्यावर, आम्ही दोघी कॅन धुवत होतो. ती म्हणाली, "अशा काय तोडून बोलला तिला? घाबारली बिचारी."

मग मी सांगितलं. आशाताईंचा फोन, त्यांचा प्रश्न, माझं उत्तर. "ठीक आहेत म्हणाले मी. पू येत होता आणि मी ठीक आहेत म्हणाले. त्याच संध्याकाळी त्यांनी आपल्याला हलवलं असतं."

तिच्या हातातला ब्रश थांबला. कॅनमध्ये नळाचं पाणी पडत राहिलं, भरून वाहायला लागलं. तिनं नळ बंद केला, पोरीला कडेवर घेतलं आणि खोलीत गेली. उरलेले कॅन मी धुतले.

दुसऱ्या दिवशी धार झाल्यावर ती माझ्या दारात आली. आता तिच्याकडं स्वतःचा फोन आहे. तो माझ्यापुढं धरला.

"ताई, आशाताईंचा नंबर सांगा. माझ्या फोनात असू द्या."

मी एकेक आकडा सांगत गेले. तिनं टाकला, मग सगळा परत वाचून दाखवला, बरोबर आहे का म्हणून. बरोबर होता. तरी तिनं तिथंच उभं राहून लावून बघितला.