काठोकाठ भरलेला पेला

नवऱ्याकडून गाडी शिकू नये, ही अक्कल मला २००३ साली अमेरिकेत, शिकागोजवळच्या नेपरव्हिलला आल्यावर पहिल्याच शनिवारी आली. "अगं, क्लच नाहीये! डावा पाय कशाला नाचवतेस?" असं तो तिसऱ्यांदा ओरडला आणि मी तडक गाडीतून उतरून चालत घरी आले.

शेजारचे आयरिश गृहस्थ पायरीवर बसून हा तमाशा बघत होते. सत्तरी ओलांडलेली, एकटेच राहायचे. आम्ही त्यांना काका म्हणायचो. विशीत आयर्लंडहून बोटीने आले आणि वर्षभरात अमेरिकन लष्कराने उचलून त्यांना कोरियाच्या लढाईवर धाडलं. तिथे भर गोळीबारातून ट्रक हाकत जखमी सैनिक बाहेर काढले, म्हणून शौर्यपदक मिळालं. आता डोळ्यांपायी लायसन्स गेलं होतं.

"पोरी, मी शिकवतो," ते म्हणाले. "पण ऑक्टोबरात मला माझ्या दोस्ताच्या कबरीवर न्यायचं."

इतक्या वर्षांत त्यांनी दोस्ताचा स्मृतिदिन एकदाही चुकवला नव्हता. यंदा तो बुधवारी येत होता. नवरा सोमवार ते गुरुवार प्रोजेक्टसाठी डॅलसला, आणि टॅक्सीने पाहुण्यासारखं जायला काका तयार नव्हते. झालं! माझी टेस्ट आता माझी एकटीची राहिली नाही.

दर शनिवारी चर्चच्या रिकाम्या पार्किंग लॉटमध्ये आमचा क्लास. नवरा गाडी तिथवर आणून द्यायचा आणि कडेला पेपर वाचत बसायचा. काकांची रीत अजब. माझाच स्टीलचा पेला पाण्याने काठोकाठ भरून हातात धरायचे. "थेंब सांडता कामा नये." अहो, थेंब कसला! दर शनिवारी त्यांची पँट भिजायची. मी ब्रेक दाबला की दुसऱ्या हाताने दारावरची मूठ घट्ट धरून डोळे मिटायचे.

"काका, तुम्ही तर तोफांना घाबरला नाहीत!"

"तेव्हा गाडी मी चालवत होतो."

उघड्या खिडकीतून ते ऐकून नवरा खदाखदा हसला. त्या दिवशी त्याला कालचीच आमटी मिळाली.

दोनदा नापास झाले. दुसऱ्यांदा तर स्वयंपाकघरात बसून चक्क रडले. माझं जाऊ दे, पण काकांचं काय? तिसऱ्यांदा, आदल्याच शुक्रवारी, पास झाले, तेव्हा काकांनी भर रस्त्यात मला सॅल्यूट ठोकला.

बुधवारी निघालो. त्यांच्या एका हातात फुलं, दुसरा दारावरच्या मुठीवर. कबरीपाशी त्यांनी खिशातून पदक काढून दगडावर ठेवलं.

"ट्रकमध्ये चौघे होते. तिघे वाचले, हा वाटेत गेला. मी फार जोरात नेला गं ट्रक. प्रत्येक खड्ड्याला हा ओरडत होता."

"काका, हळू नेला असतात तर चौघेही गेले असते."

"माहितीये," म्हणत त्यांनी पदक पुन्हा खिशात टाकलं.

परतताना मी हायवे घेतलाच नाही. आतल्या रस्त्याने, एकेक खड्डा चुकवत निघाले. मागचे हॉर्न मारत होते. मारा बाबांनो, म्हटलं. सिग्नलला शेजारी पाहिलं, तर काका मस्त घोरत होते आणि दारावरची मूठ त्यांनी सोडली होती.