तांदळातलं नाव

महिना झाला. भर दुपारी भाच्याचा फोन आला, “आत्या, आई गेली...” तेव्हापासून मला वहिनी म्हाताऱ्या अशा आठवतच नाहीत. आठवते ती सदतीस-अडतीस सालची नाशिकची माघातली सकाळ, गंगेवरचं, म्हणजे आमच्या गोदावरीवरचं धुकं, आणि आमच्या उंबऱ्यावरचं माप ओलांडणारी सोळा वर्षांची वेणू. वेणू हे त्यांचं माहेरचं नाव.

आमचं घराणं सरदारांचं. रुबाब मोठा, मोकळीक बेताची. माझ्या थोरल्या भावाचा, दादाचा, जीव आमच्या कारभाऱ्यांच्या शरयूवर जडलेला. गंगापूर रस्त्यावरच्या आमच्या मळ्यात ती दोघं द्राक्षांच्या मांडवाखाली नुसती चालत राहायची... मी राखणदार म्हणून द्राक्षं खात बसायची. पण वडिलांनी वेणूच्या वडिलांना शब्द दिला होता. दादा मळ्यात शूर, वडिलांपुढे मांजर. तो हो म्हणाला.

लग्न लागलं, नाव ठेवायची वेळ आली. ताटात तांदूळ पसरले, दादाच्या हाती सोन्याची अंगठी दिली. नाव ठरलं होतं इंदिरा. दादा झोपेत असल्यासारखा... त्याने सावकाश लिहिलं, ‘शरयू’. भटजींनी मोठ्याने वाचलं. वडिलांचा चेहरा क्षणभर उतरला, मग म्हणाले, “रामाच्या पंचवटीला शरयू आली. उत्तम.” सगळ्यांनी माना डोलावल्या, पेढे वाटले. तांदळावरून नुसता हात फिरवला असता तरी नाव पुसलं गेलं असतं. मला सगळं ठाऊक होतं आणि मी गप्प बसले, याची लाज मला अजून वाटते.

दादा त्या नावाने इतक्या मायेने हाक मारायचा, की वहिनी सुखावून जायच्या. दोन वर्षांनी आमच्याकडच्या चैत्रातल्या हळदीकुंकवाला कारभाऱ्यांची मुलगी आली, मनमाडहून माहेरी आलेली. तिचंही सासरचं नाव वेगळं, पण तिच्या आईच्या तोंडी जुनंच. आईने ओसरीवरून हाक दिली, “शरयू...” दोघींनी एकदमच ओ दिली. वहिनींनी तिच्याकडे पाहिलं, मग दाराशी थबकलेल्या दादाकडे. दादाने मान खाली घातली. वहिनींनी तिची ओटी भरली, ओंजळभर हरभरे जास्तच घातले. आणि पुढे दादा असेपर्यंत त्या हाकेला ओ देत राहिल्या.

यंदा दिवाळीत शेवटची भेट झाली. त्या खिडकीशी उन्हात बसल्या होत्या. म्हणाल्या, “वन्सं, एक मागू? मला एकदा वेणू म्हणून हाक मारा.”

मी मारली. मग जरा मोठ्याने पुन्हा मारली. वहिनी बराच वेळ बाहेर बघत राहिल्या, कुणी यायचं असल्यासारख्या.

“राहू द्या,” म्हणाल्या, “तिला आता ऐकू येत नाही.”