अक्कांचा कार्बन

आमच्या घरावर पत्रा नव्हता, कौलं नव्हती, धाबं होतं. लाकडाच्या सऱ्या, त्यावर काटक्या आणि त्यावर हातभर मातीचा सपाट थर. दरवर्षी मे महिन्यात आई डोक्यावरून खारी माती वाहून आणायची आणि आम्ही दोघं भाऊ वर चढून ती तुडवायचो. तरी श्रावणात घरात तीन ठिकाणी पातेली मांडावी लागायची. बाप रावेरकडच्या केळीच्या बागांमधून घड वाहायचा. चिकाचे डाग त्याच्या शर्टावरून कुठल्याच साबणाने गेले नाहीत. आमच्या खानदानात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. बी.एस्सी. कॉम्प्युटर, प्रथम श्रेणी. हे मी आजही छाती पुढे काढून सांगतो. पुढचं सांगायला मात्र मला वेळ लागला.

नोकरी लागली ती जळगावात. लोक कॉम्प्युटरवर ठोकळ्यांनी घरं, गावं, डोंगर बांधायचा एक खेळ खेळतात. चार ठिकाणच्या चार जणांना एकाच जगात खेळायचं, तर ते जग कुठल्यातरी सर्व्हरवर ठेवावं लागतं. आमची कंपनी असे सर्व्हर भाड्याने द्यायची. मूळ खेळात नसलेल्या वस्तू कुणाला हव्या असल्या, म्हणजे आगगाडी म्हणा, नवीन झाडं म्हणा, तर त्यांच्या तयार फायली मिळतात. त्यांना मॉड म्हणतात. गिऱ्हाइकाला जमलं नाही की त्या हाताने बसवून द्यायचं काम आमचं. सर्व्हर थांबवायचा, खेळाची आणि मॉडची आवृत्ती जुळते का पाहायचं, फायली नेमून दिलेल्या फोल्डरमध्ये चढवायच्या, सर्व्हर चालू करायचा. एक फाईल चुकली तरी सर्व्हर उठत नाही.

पहिल्या दिवशी मला शालिनीअक्कांच्या शेजारची खुर्ची मिळाली. पन्नाशी उलटलेली ठेंगणी बाई, चष्म्याला काळी दोरी, आणि बोटं अशी चालायची की मी नुसता बघत राहिलो. धुळ्याला कोर्टाबाहेर टेबल टाकून वीसेक वर्षं त्यांनी अर्ज आणि प्रतिज्ञापत्रं टाइप केली होती. टाइपरायटरचं काम बसलं, तेव्हा भाच्याने त्यांना इथे चिकटवलं. शिक्षण दहावी. तो खेळ त्या एकदाही खेळल्या नाहीत. विचारलं तर म्हणायच्या, "मला कशाला घरं बांधायची? आहे तेच झाडून होत नाही."

मॉडला त्या मोड म्हणत. मी पहिल्याच आठवड्यात दुरुस्ती केली.

"अक्का, मोड नाही. मॉड."

"मटकीला येतात ते काय?"

"मोड."

"मग हे बी जुन्या जगाला फुटलेले मोडच शेतस ना रे भाऊ?" शेतस म्हणजे आहेत. आणि सगळ्या ऑफिसला ऐकू जाईल अशा आवाजात, "पदवीधर आलाय बरं का आपल्याकडे, बोलणं सांभाळा!"

तेव्हापासून मी पदवीधर. "काय पदवीधर, चहा घेता का?" त्या हसून म्हणायच्या. मला ते टोचायचं. दहावी शिकलेल्या बाईकडून काम शिकावं लागतंय, हे त्याहून टोचायचं.

बॅकअपला त्या कार्बन म्हणत. कुठल्याही सर्व्हरला हात लावण्याआधी त्यांचा प्रश्न ठरलेला, "कार्बन घातला का?" कोर्टाबाहेर कार्बन न घालता टाइप केलेला एक अर्ज हरवला आणि एका म्हातारीची तारीख गेली, तिला पुन्हा शिरपूरहून यावं लागलं, हा किस्सा मी निदान दहा वेळा ऐकला असेल. जगाची पूर्ण प्रत त्या आधी आपल्या कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायच्या, मगच मॉडला हात. सर्व्हर उठताना पडद्यावर शेकडो ओळी धावतात. आम्ही सगळे हिरवा दिवा लागायची वाट बघायचो. अक्का त्या ओळी थांबवून, पडद्यावर बोट ठेवून, एकेक इंग्रजी शब्द जुळवत मोठ्याने वाचायच्या. सहा मॉडना दोन तास. मी घाई केली की बोट न उचलता विचारायच्या, "बठ्ठं वाचं का?" सगळं वाचलंस का? मी म्हणायचो, वाचलं. मी वाचलेलं नसायचं, आणि ते त्यांना कळायचं.

अक्कांचं एक गिऱ्हाईक होतं, धुळ्याकडची ऐकू न येणाऱ्या मुलांची निवासी शाळा. शाळेच्या सरांनी मुलांसाठी एक जग घेतलं होतं. शाळा सोडून गेलेली मुलंही आपापल्या गावाहून त्यात येऊन भेटायची. वसतिगृहातल्या प्रत्येक मुलाने त्यात आपलं गावाकडचं घर बांधलेलं. गॅदरिंगला आईबाप येत. पुष्कळांना खुणांची भाषा येत नसे, पोराशी काय बोलावं कळत नसे. मग पोरगं हात धरून त्यांना कॉम्प्युटरपुढे बसवायचं आणि घर दाखवायचं. ही चूल, हा गोठा, इथे तू बसतेस. एकवीस मुलं, एकवीस घरं. अक्का त्या शाळेचं काम दुसऱ्या कुणाला देत नसत.

गॅदरिंग दोन दिवसांवर होतं. सरांना आगगाडीचा मॉड हवा होता. त्यांनी तो स्वतःच चढवला तर सर्व्हर उठेना, म्हणून काम अक्कांकडे आलं होतं; अक्कांनी अजून हात लावला नव्हता. अक्का डबा खायला मागे गेल्या होत्या, त्यांचा कॉम्प्युटर उघडाच होता. मला वाटलं, यांचे दोन तास आणि आपली दहा मिनिटं, आज दाखवूनच देऊ. मी त्यांच्या खुर्चीत बसलो, खुर्ची माझ्या उंचीला वर घेतली. फोल्डरमधल्या फायली पाहिल्या. एक फाईल dhaba नावाची. हॉटेलचा ढाबा, तंदुरी रोट्या, खाण्यापिण्याचा कुठला तरी मॉड असणार, मुलांना काय करायचाय, हाच आगगाडीशी भांडत असेल. मी ती फाईल काढून टाकली. सर्व्हर उठता उठता मधेच थांबला आणि पडद्यावर लांबलचक यादी आली. तिच्याखाली प्रश्न होता, या जगातल्या पुढील वस्तू सापडत नाहीत, तरीही पुढे जायचं? मी यादी वाचली नाही. हो म्हणून टाकलं. हिरवा दिवा लागला. कार्बन घातलेला नव्हता.

तो ढाबा नव्हता. ते धाबं होतं. शाळेच्याच एका जुन्या विद्यार्थ्याने नाशकात शिकताना खास या मुलांसाठी बनवलेला मॉड. मातीचं छप्पर, सऱ्या, मातीच्या भिंती, चूल, केळीचं झाड. मॉड नसताना जग उघडलं की त्याचे ठोकळे पुसले जातात, आणि जग जतन झालं की फाईल परत आणूनही ते येत नाहीत. मूळ खेळातल्या वस्तू तेवढ्या राहतात. अक्का डबा धुऊन परत आल्या तेव्हा पडद्यावर मोकळं माळरान होतं आणि त्यावर एकवीस घरांतले पलंग उघड्यावर पडलेले होते.

मी तोवर माझ्या खुर्चीत जाऊन बसलो होतो.

शाळेचं पॅकेज सगळ्यात स्वस्तातलं, त्यात कंपनीकडून आपोआप बॅकअप नव्हता. अक्कांनी दोन महिन्यांपूर्वी शेवटचं काम केलं तेव्हा उतरवलेली प्रत त्यांच्याकडे होती. तिच्यातून बारा घरं परत आली. नऊ मुलांनी त्यानंतर बांधली होती, ती गेली. गॅदरिंगला त्या नऊ जणांच्या आईबापांना दाखवायला काही नव्हतं.

साहेबांनी सगळ्यांना केबिनमध्ये बोलावलं. "शालिनीताई, तुमच्या लॉगिनवरून झालंय." माझ्या जिभेवर शब्द आले होते. एवढंच म्हणायचं होतं की साहेब, मी. अक्कांनी एकदा माझ्याकडे पाहिलं. किती वेळ पाहिलं सांगता येत नाही, पण बोलायला पुरेल इतका वेळ नक्की होता. मी खाली बघत राहिलो. मग त्या म्हणाल्या, "लॉगिन माझं, म्हणजे जबाबदारी माझी. उघडं ठेवून उठायला नको होतं." नोंदीत त्यांचं नाव लागलं. सर्व्हरचं काम काढून त्यांना फोनवर बसवलं.

आठ महिने त्या माझ्या शेजारी बसून फोन घेत होत्या. पुण्या-मुंबईची गिऱ्हाइकं त्यांच्या बोलण्याला हसत. एकाने सांगितलं, "मॅडम, जरा नीट मराठी बोला." अक्का म्हणाल्या, "तुम्हाला समजलं ना? मग नीटच असेल." फोन ठेवून त्यांनी चष्मा पुसला. त्यांची कामं माझ्याकडे आली होती. शाळेचंसुद्धा. त्या काळात त्यांनी मला एकदाही पदवीधर म्हटलं नाही. हाक मारायची वेळ आली तर नुसतं "अहो". तो "अहो" मला शिवीसारखा लागायचा, आणि तरी मी बोललो नाही. घरी बापाने घड वाहणं नुकतंच सोडलं होतं, आमच्या घरावर धाबं काढून स्लॅब टाकला होता. नोकरी गेली तर, हे कारण मी स्वतःला रोज सांगायचो. कारण खरं होतं. पण गप्प बसण्याचं खरं कारण ते नव्हतं. दहावीवाल्या बाईपुढे मी चुकलो, हे चारचौघांत मान्य करणं मला जमत नव्हतं.

दिवाळीनंतर अक्का राजीनामा देऊन धुळ्याला परत गेल्या. रिकाम्या खुर्चीशेजारी मी तीन आठवडे काढले. मग साहेबांना पत्र लिहिलं, घडलं तसं, सगळं. साहेबांनी वाचलं आणि म्हणाले, "उद्यापासून फोनवर बसा." पत्राची प्रत घेऊन रविवारी मी धुळ्याची बस पकडली.

अक्का दारात मेथी निवडत बसल्या होत्या. "ये" म्हणाल्या, आश्चर्य वगैरे काही नाही. मी कागद पुढे केला. त्यांनी हात पुसले, चष्मा चढवला आणि ओळीखाली बोट ठेवून मोठ्याने वाचायला लागल्या. शेजारीण थांबून ऐकू लागली, तरी आवाज कमी केला नाही. मधेच थांबल्या.

"चूकचा चू दीर्घ असतो, पदवीधर. तू ऱ्हस्व काढलाय. तीन ठिकाणी."

मी मान हलवली.

"अक्का, तुम्हाला माहीत होतं?"

"खुर्ची कुणी वर केली होती मग? माझे पाय लोंबकळत होते."

"मग बोलल्या का नाहीत?"

"ते तू बोलायचं होतं. मी कशाला बोलू?"

पुन्हा बोट कागदावर. "'मला तो हॉटेलचा ढाबा वाटला.'" इथे त्यांनी चष्मा काढला. "तुझ्या घरावर काय होतं रे?"

"धाबं."

"माती कोण तुडवायचं?"

"मी आणि भाऊ."

"आणि तुला हॉटेल आठवलं."

त्या रागावल्या असत्या तर मला सोसलं असतं. त्यांनी नुसतं ते वाक्य म्हटलं आणि मेथीची जुडी पुढे ओढली. ऑफिसात कुणी गाव विचारलं की मी "मेहरूणला राहतो" म्हणून विषय बदलायचो. मेहरूण जळगावातच, आणि ती खोली भाड्याची होती. हे त्यांना कधी सांगितलं नव्हतं, पण सांगायची गरजही नव्हती.

कागद घडी करून त्यांनी माझ्या हातात परत दिला. "मले काय वाचाले देस? शाळामा जाय. पोरांना सांग."

मी गेलो. वर्गापुढे उभा राहून सांगितलं आणि सर खुणांनी मुलांना सांगत गेले. एका मुलीने हात हलवून काही विचारलं. सर म्हणाले, "ती विचारते, तुम्ही घर पाडलं तेव्हा आत कुणी नव्हतं ना, हे बघितलं होतं का?" मी खरं उत्तर दिलं. नाही, बघितलं नव्हतं.

त्यानंतर पाच-सहा शनिवार मी जळगावहून त्या शाळेत जात राहिलो. मॉड हाताने बसवले, मुलांशेजारी बसलो, ती सांगतील तिथे माती लावली. अक्का शाळेत आल्या नाहीत, जळगावलाही परत आल्या नाहीत.

नऊपैकी सहा घरं पुन्हा उभी राहिली. उरलेली तीन मुलं तोवर शाळा सोडून गेली होती, त्या जगातही परत आली नाहीत, त्यांची घरं झाली नाहीत. कंपनीच्या नोंदीत त्या दिवसापुढे आता माझं नाव आहे.