गच्चीवरून गच्चीवर

आम्ही जपानमध्ये, कावासाकीत राहायला आल्याच्या पाचव्या वर्षी आई पुण्याहून तीन महिन्यांसाठी आली होती. एका रविवारी दुपारी ती इथल्या नियमाप्रमाणे कचऱ्यात द्यायच्या बाटल्यांची लेबलं सोलत बसली होती आणि माझी नऊ वर्षांची मुलगी टीव्हीवर गेम खेळत होती. त्यातलं शहर भविष्यातलं, पांढऱ्याशुभ्र, काचेच्या इमारतींचं. पळायचं ते गच्च्यांवरून. पळणारी दिसतच नाही. तिचे हात दिसतात आणि उडी मारताना पुढे येणारे बूट. जणू आपणच पळतोय.

"आजी, तू पण खेळ ना!"

मी स्वयंपाकघरात कणीक मळत होते. आईने दोन गच्च्या ओलांडल्याचं टाळ्यांवरून कळलं. मग आई अशी किंचाळली, की मला वाटलं भूकंपच. इथे आधी तेच मनात येतं. धावत आले तर काहीच हलत नव्हतं. उडी कमी पडली होती, पडद्यावर फक्त रस्ता होता, आणि आईने सोफा दोन्ही हातांनी घट्ट धरला होता.

"आजी, दाइजोबु? ठीक आहेस ना?" मुलगी रडवेली झाली.

आई म्हणाली, "तिला असंच दिसलं असेल."

"कुणाला?"

"तुझ्या मावशीला."

मला एकच मावशी होती. बाराव्या वर्षी विषमज्वराने गेली, असं आम्ही लहानपणापासून ऐकत आलो होतो.

"ताप नव्हता गं. आम्ही दोघी शाळेच्या गच्चीवरून शेजारच्या गच्चीवर उड्या मारायचो. त्या दिवशी मी आधी मारली. ती घाबरत होती. मी पलीकडून म्हटलं, मार की, भित्री भागूबाई."

आम्हाला कधी कठड्याजवळ उभंही राहू न देणारी माझी आई! त्यावरून मी तिची किती थट्टा केली होती. मी विचारलं, "आजोबांना काय सांगितलंस?"

"पाय घसरला म्हणून. लोकांना ताप सांगायचं, हे त्यांनी ठरवलं. मी काय म्हटलं होतं, ते कुणालाच ठाऊक नाही."

मी कणकेच्या हातांनीच तिचा हात धरला. गार पडला होता. अर्धंमुर्धं समजलेल्या मुलीने टीव्ही बंद केला.

"बंद का केलास?" आई म्हणाली. "तिथे खाली उतरायला जिना आहे का, बघू."

मुलीने तो कधी शोधलाच नव्हता. टीव्ही पुन्हा लावून दोघी शोधू लागल्या. तापाचंच ठाऊक असलेल्या भावाला मी पुण्याला फोन लावला, आणि त्याने 'हॅलो' म्हणायच्या आत ठेवून दिला.