उजळगावचा लेप

बर्फातल्या पोस्टवर बदली झाली तेव्हा आमच्या सहा जणांत नगर जिल्ह्याचे आम्ही दोघेच. आता अहिल्यानगर म्हणायचे, पण आमच्या तोंडात नगरच बसले आहे. मी हवालदार, कोल्हारचा. दुसरा नाईक दत्ता, काष्टीचा. पोस्ट कुठे होती ते सांगत नाही. अशा गोष्टी रिटायर झाल्यावरही सांगायच्या नसतात.

एक फायबरची झोपडी, एक स्टोव्ह, एक रेडिओ सेट. बाहेर पडण्यापूर्वी तोंडाला पांढरे मलम लावायचे, ही स्टँडिंग ऑर्डर. बर्फावरून उलटून येणारे ऊन चामडी सोलून काढते. मलम बडीने, म्हणजे जोडीच्या जवानाने, बडीला लावायचे, म्हणजे समोरच्याचे नाक-कान थंडीने मेले नाहीत ना, तेही तपासून होते. दत्ता माझा बडी. रंगाने काळाकुळकुळीत. मलम चोपडताना मी त्याला म्हणायचो, "पी हळद अन् हो गोरी."

"हळद न्हाई दादा ही. लोनी हाय, चांदन्याचं."

हे चांदण्याचे लोणी त्याच्या मुलीच्या गोष्टीतले होते. ईश्वरी तेव्हा सात वर्षांची. आठवड्यातून एकदा सॅटेलाइट फोनवर घरी बोलायला मिळे. आम्ही बाकीचे उसाची, दुधाची, सासूच्या गुडघ्याची चौकशी करायचो. दत्ता गोष्ट सांगायचा. गोष्टीतले राज्य उजळगाव. तिथे जमीन नाही, सगळे ढगच. बैलबाजारही ढगावर भरतो. काष्टीच्या माणसाला बाजाराशिवाय राज्य कसे सुचणार? तिथल्या गाई रात्री चांदणे चरतात. त्यांच्या दुधाचे लोणी तिथल्या देवीची म्हातारी पुजारीण वर्षातून एकदाच काढते. पहाऱ्याला निघण्याआधी पहारेकरी समोरासमोर गुडघे टेकतात आणि एकमेकांना त्या लोण्याचा लेप लावतात. आधी कपाळाला, मग गालांना, मग नाकाला. ज्याला लेप लागला तो घरी परत येतोच, असा देवीचा शब्द.

"दत्ता, शब्द जरा मोठाच दिलास," मी एकदा म्हणालो.

"त्याबिगर पोरगी झोपत न्हाई," तो म्हणाला.

ते मला पटले. मलाही दोन पोरे आहेत.

त्या सकाळी आभाळ स्वच्छ होते. पुढच्या पोस्टवर एका आजारी जवानाला औषध पोचवायचे होते. दत्ता आणि आणखी दोघे एका रोपला, म्हणजे दोराला, बांधून घेऊन जाणार होते. मी सेटवर राहणार होतो. निघण्यापूर्वी मी दत्ताला मलम लावले, रोप ओढून पाहिला, आणि पेट्रोल, म्हणजे गस्तीची तुकडी, निघाली. तासाभराने सेट खरखरला.

"पोस्ट, मी पेट्रोल. उतारावरचा बर्फ सुटला. रोप तुटला. एक माणूस खाली. ओव्हर."

"कोण? ओव्हर."

"नाईक दत्ता. ओव्हर."

आम्ही फावडी घेऊन धावलो. धावलो म्हणजे त्या उंचीवर माणूस जितका धावू शकतो तितके. आळीपाळीने खणत राहिलो. दुपार कलल्यावर तो सापडला, आणि आमच्या हातात काही उरले नव्हते. तोंडावरचे मलम जसेच्या तसे होते.

त्याला घरी न्यायला एस्कॉर्ट म्हणून मी गेलो. काष्टीत बाजारपेठ बंद होती. रस्त्याच्या दोन्ही बाजूंनी माणसे उभी होती. सलामी झाली, तिरंगा घडी करून दत्ताच्या बायकोच्या, सुनीता वहिनींच्या, हातात दिला. मी बाजूला सावधानमध्ये उभा होतो. कोणीतरी माझी बाही ओढली. खाली पाहिले तर ईश्वरी.

"काका, पप्पांना लेप लावला हुता का?"

इकडे आड, तिकडे विहीर. हो म्हणावे, तर लेप खोटा, उजळगाव खोटे आणि परत येतो म्हणणारा बाप खोटा. त्याच दिवशी तिचा बाप दुसऱ्यांदा गेला असता.

"नाही बाळा," मी म्हणालो. "घाई होती. मी विसरलो."

ती माझ्याकडे बघत राहिली. "तुमी इसरला?" म्हणाली, आणि आईकडे निघून गेली.

वहिनींना मी पुढे खरे सांगितले. त्या म्हणाल्या, "भाऊजी, कशापायी अंगावर घेतलं हो?"

"तिला बापाचा राग यायला नको, वहिनी. माझा आला तर चालेल."

चालेल म्हणणे सोपे असते. दर वर्षी त्या दिवशी मी कोल्हारहून काष्टीला जातो, दत्ताच्या फोटोला हार घालतो. दर वर्षी मी दिसलो की ती पोर उठून आतल्या खोलीत जायची. मोठी झाली, दहावी झाली, तरी जायची. परतीच्या एसटीत मी खिडकीकडे तोंड करून बसायचो आणि म्हातारा माणूस रडतो तसा रडायचो. माझी बायको म्हणायची, जाऊ नका. पण दत्ताकडे न जाऊन कसे चालेल?

यंदा चहा ईश्वरीनेच आणला. कप ठेवला आणि समोर बसली. आता ती कॉलेजात शिकते.

"काका, मलमानं बर्फ थांबत न्हाई. येवढं कळतं आता मला."

मी कप उचलला नाही.

"खरं सांगा. लावला हुता?"

"लावला होता," मी म्हणालो. "माझ्या हाताने."

तिचे डोळे भरले होते, पण तिने पुसले नाहीत.

"लावताना पप्पा काय बोलले का?"

हे मला इतक्या वर्षांत कोणी विचारले नव्हते. विचारले असते तरी सांगता आले नसते. तिला मात्र सांगितले. झोपडीच्या दाराशी गुडघे टेकून, तोंड वर करून, डोळे मिटून दत्ता म्हणाला होता, "दादा, जरा जास्त लावा. घरी इचारनारं मानूस हाय."