बॉल आपल्याकडे आला की

बाहेरगावच्या एका मोठ्या क्लबचा मेसेज सोमवारी आला. डिफेंडर हवी आहे, मॅचचे व्हिडिओ रविवारपर्यंत पाठव. माझ्या जुन्या क्लबनं मुलींची टीमच बंद केली होती आणि मी चार महिने देवासला घरी बसून होते. सोनकच्छच्या एका शाळेत पीटी शिकवायची नोकरी चालून आली होती. आई रोज न चुकता त्याची आठवण करून द्यायची. म्हणजे हे जमलं तर फुटबॉल, नाही तर सोनकच्छ.

व्हिडिओची मला चिंता नव्हती. वीज खात्यातून रिटायर झाल्यापासून बाबा आसपासच्या माझ्या प्रत्येक मॅचला येतात. टोपी, पाण्याची बाटली, फोन. पन्नासेक व्हिडिओ त्यांनी जपून ठेवले होते. मी ते एकेक लावले आणि माझं डोकंच फिरलं.

बॉल समोरच्यांच्या गोलकडे असेपर्यंत सगळं झकास. आमच्या फॉरवर्ड मुली एकदम हिरॉइनी. बॉल आमच्या गोलकडे वळला, की स्क्रीन काळी! आणि आतून बाबांचा आवाज, "माते, सांभाळ गं. माते, सांभाळ." मग लोकांचा आरडाओरडा. मग बाबा शेजारच्याला विचारतात, "भिया, गोल हुआ क्या?" तो म्हणतो, "नी हुआ दादा, आपकी बिटिया ने निकाल दिया." की लगेच उजेड.

मी स्टॉपर आहे हो. गोलकीपरच्या पुढची शेवटची. माझं सगळं काम बॉल आमच्याकडे आल्यावरच सुरू होतं!

"बाबा, हे काय आहे?"

"अगं, हात जोडतो मी. टेकरीवरच्या मातेला."

"फोन हातात धरून?"

"मग काय खाली ठेवू? धूळ जाईल त्यात."

काय बोलणार, डोंबल! माझे सहा वर्षांचे टॅकल बाबांच्या दोन तळव्यांत दाबलेले. आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "सोनकच्छला सकाळी सातची बस आहे हं."

शनिवारी धारला मॅच होती, देवासच्याच एका टीमकडून खेळायचं होतं. शेवटची संधी. बसमध्ये पूर्ण रस्ताभर मी बाबांना बजावत होते. हात जोडायचे नाहीत. डोळे मिटायचे नाहीत. बॉल कुठंही जावो, मी दिसले पाहिजे.

"आणि माता?"

"मातेला मनातल्या मनात सांगा!"

समोर तिरला गावची एक विंगर होती, कडेनं पळणारी, लांब टांगांची, हाताला लागेना. पहिल्या अर्ध्यात तिनं मला घाम फोडला. दुसऱ्या अर्ध्यात ती एकटीच आत घुसली आणि मी घसरत जाऊन तिच्या पायातला बॉल असा काढला, की तीसुद्धा क्षणभर बघत राहिली. कोपर सोलवटलं, पण मी खूश होते. हा एक टॅकल पुरे होता.

घरी येऊन व्हिडिओ लावला. आगीतून फुफाट्यात! नव्वद मिनिटं नुसती मी. मी मागे सरकतेय, हात दाखवतेय, गोलकीपरवर ओरडतेय. बॉल क्षणभर पायाशी येतो, मी तो भिरकावते, आणि कॅमेरा माझ्यावरच. लग्नाच्या व्हिडिओत नवरी जेवताना दाखवतात, तशी मी पाणी पिताना. वर सगळं थरथरतंय.

"बाबा, बॉल कुठाय?"

"तूच म्हणालीस ना, बॉल कुठंही जावो?"

मी बूट फेकले. नको नको ते बोलले. बाबा टोपीची घडी घालत राहिले. दुसरं काही नव्हतंच, म्हणून रविवारी तोच व्हिडिओ चिडून पाठवून दिला.

मंगळवारी तिथल्या कोचबाईंचा फोन आला. "बाकी सबके वीडियो में बॉल है," त्या म्हणाल्या. "तुम्हारे में दिखता है कि बॉल आने से पहले तुम कहाँ खड़ी हो. मुझे यही देखना था. आ जाओ."

बाबांना सांगितलं, तर म्हणाले, "मग मी उगाचच बोलणी खाल्ली की."

आता इथे, या नव्या क्लबमध्ये, माझा दुसरा सीझन चालू आहे. मॅच घरी फोनवर दिसते. आई सांगते, बॉल आमच्या गोलकडे आला की बाबा फोन पालथा घालतात आणि हात जोडतात. मी चिडते. "बाबा, याच कामावर माझं पोट आहे, एकदा तरी बघा!"

"बघितलंय की. धारला."

परवा इथल्या एका नव्या मुलीला बॉल येण्याआधी कुठं उभं राहायचं ते दाखवायला मी तो धारचा व्हिडिओ काढला. त्या दिवशी बाबांचं 'माते, माते' ऐकायला नको म्हणून मी आवाज बंद करूनच पाहिला होता. आता आवाज चालू होता. ती विंगर आत घुसते, मी धावते, फ्रेम गदागदा हलायला लागते. बाबा मातेचं नाव घेत नाहीत. मी घसरत जाऊन बॉल काढते, तरी स्वतःलाच दटावल्यासारखे ते पुटपुटत राहतात, "मिटायचे नाहीत. डोळे मिटायचे नाहीत."