बेचिराग देशाचा समुद्र

मन्मथ शंकरप्पा लातूरच्या एका मोजणी कचेरीत जुन्या नकाशांच्या नकला काढीत, आणि त्यांच्याकडे स्वतःचा एक देश होता. दोन्ही गोष्टी गल्लीत सर्वांना ठाऊक होत्या. पहिलीमुळे लोक त्यांना अप्पा म्हणत, दुसरीमुळे चहाला बसवून घेत.

देशाचा उगम एका चुकीत आहे. नोकरीच्या सुरुवातीला निजामी अमलातले उर्दू नकाशे मराठीत आणण्याचे काम त्यांच्याकडे आले. अप्पांना उर्दू येत नव्हते. शेजारच्या टेबलावरचे वृद्ध कारकून एकेक शब्द वाचून सांगत आणि अप्पा तो सुबक अक्षरात उतरवीत. ओसाड पडलेल्या, दिवासुद्धा लागत नाही अशा गावावर जुन्या मोजणीदारांनी ‘बेचिराग’ असा शेरा मारलेला असे. कारकुनांनी शेरा वाचला, अप्पांनी तो गावाचे नाव म्हणून लिहिला. एकाच तालुक्यात बेचिराग नावाची तीन गावे झाली. ‘मौजे मजकूर’, म्हणजे वर सांगितलेले गाव, यातून मजकूर नावाचे चौथे निघाले.

साहेबांनी नकाशा परत केला. “ही गावं कोणत्या देशात आहेत, अप्पा?” एवढेच ते म्हणाले.

अप्पांनी तो प्रश्न म्हणूनच घेतला.

त्या काळी नकला ट्रेसिंगच्या कापडावर काढीत. हे तलम सुती कापड खळ देऊन इतके ताठ आणि पारदर्शक केलेले असे की पाहणाऱ्याला ते कागदच वाटे. मोडीत निघालेला एक लांबरुंद ताव अप्पांनी लिलावात घेतला आणि घरी भिंतीवर लावून त्यावर बेचिराग देशाची आखणी सुरू केली. राजधानी मजकूर. उत्तरेला सदरहू नावाचे डोंगर. तिथून निघून देश उभा चिरीत दक्षिणेच्या समुद्राला मिळणारी कायम नदी, आणि तिच्या मुखाशी रवाना हे बंदर. घरे, बंदर, रस्ते सगळे होते. माणूस एकही नव्हता. वस्ती नाही म्हणून उपसा नाही, आणि उपसा नाही म्हणून कायम नदी बारमाही भरलेली, असा त्यांचा हिशेब होता. त्यात दोष काढणे अवघड आहे.

उस्मानाबादेतून लातूर वेगळा जिल्हा झाला, तेव्हा अप्पांनीही आपल्या देशात एक जिल्हा नवा केला. त्याची मागणी कोणी केली होती, हे समजत नाही. नव्या जिल्ह्याबरोबर कचेरीत प्लास्टिकची फिल्म आली आणि ट्रेसिंगचे कापड बंद झाले. त्याचे परिणाम काही वर्षांनी, दुष्काळात, अप्पांच्या घरी पोचले.

त्या वर्षी त्यांची मुलगी रुद्राणी जळकोटहून पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली. नव्या बाळाच्या अंगाला पहिले कापड जुने, मऊ लागते. मोजणी कचेरीतल्या लोकांच्या घरांमध्ये ते ट्रेसिंगचे असे; खळ धुऊन काढली की त्याची मलमल होते. रुद्राणी स्वतः अहमदपूर तालुक्याच्या पश्चिम भागाच्या झबल्यात वाढली होती.

“अवो, कापड काढा,” पत्नी कमलम्मा म्हणाल्या.

“कचेरीत राहिलं न्हाई आता. फिल्म आली.”

“कचेरीतलं कोण मागून राहिलं? भिंतीवरलं म्हणते मी.”

अप्पांनी भिंतीकडे पाहिले. मग ते म्हणाले, “खळ काढायला लई पाणी लागतं. टँकर चार दिवसाला येतो. ह्या दुष्काळात नकाशे धुतेत का कोणी?”

या युक्तिवादावर बेचिराग देश महिनाभर टिकला. शेजारचे शेषेराव, मूळचे लोह्याचे, रोज संध्याकाळी चौकशीला येत.

“आमच्या मांजरेत वाळू उडून राहिली,” ते म्हणत, “अन् तुमची नदी बघा. अप्पा, एक टँकर तिकडून सोडा की.”

“रस्ता जोडलेला न्हाई,” अप्पा सांगत.

महिन्याअखेर कमलम्मांनी कोपऱ्यातल्या रांजणावरचे झाकण काढून दाखवले. प्रत्येक टँकरचे थोडे थोडे बाजूला ठेवून त्यांनी तो भरला होता. रुद्राणी हसली. “अप्पा, आता काय सांगताव?”

अप्पांनी कात्री मागितली आणि ताव जमिनीवर पसरला. डोंगर कापले तर नदीचा उगम जातो. राजधानी कापली तर रस्ते कुठे जातात ते सांगता येत नाही. नवा जिल्हा नुकताच झालेला. उरला समुद्र. तो रुंद होता, कोरा होता आणि त्यावर शाई फारशी खर्च झालेली नव्हती. अप्पांनी रवाना बंदराच्या पायथ्यापासून सरळ रेषेत कात्री चालवली. एका समुद्रात दोन झबली, एक टोपडे आणि एक लहान दुपटे बसले.

संध्याकाळी शेषेरावांनी उरलेला देश न्याहाळला.

“मग नदी जाती कुठं आता?”

अप्पांनी कापलेल्या कडेवर बोट ठेवले.

“हद्दीभाईर गेली म्हना.”

“हद्दीबाहेर माझी मोजणी न्हाई. जे मोजलं न्हाई ते हाय म्हणून कसं दाखवू?”

“मग आडली म्हना. तळं झालं.”

“तळं झालं तर बंदर बुडतं, मजकूरपर्यंत पाणी येतं.”

शेषेरावांना चहा आला. अप्पांनी घेतला नाही. देश काल्पनिक असण्याला त्यांची हरकत नव्हती. तो चूक असण्याला होती. कात्री चालवताना त्यांना नदीच्या मुखाची आठवण राहिली नव्हती, आणि आता समुद्र बाहेर दोरीवर वाळत होता. इतकी वर्षे उभा केलेला नकाशा फाडून टाकावा, असेही त्यांच्या मनात आले. तसे त्यांनी कमलम्मांना सांगितलेही.

“फाडा,” त्या म्हणाल्या. “दुपटं एक कमीच पडून राहिलंय.” मग पदराने हात पुसत त्यांनी विचारले, “आपली नदी कुठं जाती?”

“कोणती?”

“मांजरा. ती तर समुद्राला जाताना दिसंना. वाटंतच पिऊन टाकतेत लोक.”

अप्पांनी ताव पुन्हा जमिनीवर पसरला. नंतर त्यांनी दाढीचे जुने पाते घेतले, आणि कायम नदीचा खालचा भाग हलक्या हाताने खरवडून निमुळता केला. रवाना बंदरापाशी ती केसाइतकी उरली आणि तिथेच आटली. आता हे पाणी कुणी तरी वापरत असले पाहिजे. त्यांनी दोन्ही काठांना गावठाणे आखली, विहिरी दाखवल्या, मोटेला जाणाऱ्या पाऊलवाटा काढल्या. बेचिराग देशात वस्ती झाली ती अशी, पाण्याचा हिशेब जुळवण्यासाठी.

रुद्राणीला मुलगी झाली. चौथ्या दिवशी अप्पा ताव घेऊन तिच्या खाटेशी बसले. झबले अंगाला बेताचे होते. पाठीवर, धुण्यातूनही राहिलेल्या, फिकट लाटांच्या दोन ओळी होत्या.

“नव्या गावांना नावं पाहिजेत,” अप्पा म्हणाले. “शेऱ्यातली न्हाईत. माणसं राहतेत आता तिथं. तू सांग.”

“आधी हिचं ठेवा की.”

“हिचं बारशाला ठेवू.”

“मग त्यांचंबी बारशाला,” रुद्राणी म्हणाली आणि कूस वळवून बाळाला पाजायला घेतले.

अप्पांना ते रीतसर वाटले. त्यांनी प्रत्येक गावठाणावर ‘मौजे’ एवढे लिहिले, पुढे नावापुरती जागा सोडली आणि दौतीचे झाकण लावले.